छपरातून जाणाऱ्या पाइपमधले पाणी : आर-८ इन्सुलेटेड डक्टचा दोन हिवाळ्यांनंतरचा अभिप्राय

जानेवारी २०२४ च्या मध्यावर इथे कॅनडातल्या कॅलगरीत पारा उणे ३० अंशांच्या खाली गेला होता. विजेचा वापर ताबडतोब कमी करा, असा आणीबाणीचा संदेश १३ तारखेच्या संध्याकाळी अल्बर्टा प्रांतभर मोबाइलवर खणखणला, तो इथल्या अनेकांना आठवत असेल. आमच्या घरात मात्र तो महिना वेगळ्याच कारणाने लक्षात राहिला. थंडीची लाट ओसरली, चिनूक, म्हणजे डोंगरांकडून येणारा उबदार कोरडा वारा सुटला, अंगणातला बर्फ बघता बघता बसू लागला आणि त्याच सकाळी वरच्या मजल्यावरच्या न्हाणीघरातील एक्झॉस्ट फॅनच्या जाळीतून टपटप पाणी पडू लागले. बाहेर आभाळ निरभ्र होते. आई अंघोळीला गेली होती, तिने आतूनच हाक मारून विचारले, "अरे, तुमच्याकडे पाऊस घरातच पडतो का रे?" मी श्रीखंडाचा रिकामा डबा जाळीखाली ठेवला. दुपारपर्यंत त्यात आमटीच्या वाटीने मोजून दीड वाटी पाणी जमले; पिवळसर, आणि जुन्या धुळीचा वास येणारे.

छप्पर गळते आहे असे समजून मी छपराचे काम करणाऱ्या माणसाला बोलावले. त्याने वर चढून फॅनच्या पाइपाच्या टोपीभोवती काळे सीलंट फासले, पैसे घेतले आणि तो गेला. पुढची थंडी आली, पुढचा चिनूक आला आणि पाणी पुन्हा पडले. जखम मांडीला आणि मलम शेंडीला, असा तो प्रकार होता. पाणी छपरातून आत येतच नव्हते. ते आमचेच होते, आमच्याच अंघोळींचे होते आणि पाइपातून बाहेर जाता जाता माघारी फिरत होते. हे कळायला मला दोन महिने लागले. त्यानंतर जो उपाय केला, त्याला आता दोन हिवाळे उलटले आहेत. तो उपाय म्हणजे उष्णता अडवणारे आर-८ दर्जाचे वेष्टन (इन्सुलेशन) असलेला लवचिक डक्ट, म्हणजे हवा वाहून नेणारी नळी, आणि तो बसवून देणारी सेवा. या दोन्हींविषयी हा सविस्तर अभिप्राय आहे. कारखान्याचे नाव मुद्दाम देत नाही, कारण या प्रकारचा माल अनेक कंपन्या जवळजवळ सारखाच बनवतात आणि वेष्टनावर छापलेला आकडा ब्रँडपेक्षा जास्त महत्त्वाचा आहे.

वस्तूकडे वळण्याआधी दुखणे समजून घ्यावे लागेल, नाहीतर ती वस्तू कशासाठी घ्यायची हेच कळणार नाही. इकडच्या घरांत वरच्या मजल्याचे छत आणि उतरते छप्पर यांच्यामध्ये जी मोकळी जागा असते, तिला ॲटिक म्हणतात. ॲटिकच्या तळाशी, म्हणजे छताच्या पाठीवर, इन्सुलेशनचा जाड थर पसरलेला असतो आणि त्याच्या वरची जागा मुद्दाम हवेशीर, म्हणजेच थंड ठेवलेली असते. बाहेर उणे २५ असेल तर तिथेही जवळजवळ तेवढीच थंडी असते. न्हाणीघराचा चार इंची पाइप नेमका याच थंड जागेतून छपराकडे जातो. मोदक उकडताना पात्राच्या झाकणाला आतून फडके बांधतात, ते झाकणावर जमलेले पाणी मोदकांवर पडू नये म्हणून. इथे झाकण म्हणजे पाइपाची थंडगार भिंत, मोदकांच्या जागी आपण उभे आणि फडके मात्र कोणीच बांधलेले नाही.

थोडा हिशोब करून पाहिला, तो असा. अंघोळ चालू असताना न्हाणीघरात २४ अंश तापमान आणि ८० टक्के आर्द्रता धरली, तर एका घनमीटर हवेत सुमारे १७ ग्रॅम बाष्प असते. उणे २५ अंशांच्या हवेत मात्र घनमीटरमागे जेमतेम अर्धा ग्रॅम बाष्प मावते. आमचा जुना फॅन ५० सीएफएमचा होता, म्हणजे मिनिटाला सुमारे १.४ घनमीटर हवा ओढणारा. आमच्या घरात सकाळी पूजेच्या आधी पाच जणांच्या अंघोळी एकापाठोपाठ एक होतात; प्रत्येकी पंधरा मिनिटे धरली, तर सव्वा तासात शंभरावर घनमीटर हवा आणि तिच्याबरोबर पावणेदोन लिटरच्या आसपास पाणी त्या पाइपातून वर जाते. त्यातले बहुतेक बाहेर पडते हे खरे, पण त्यातले पाच टक्के जरी पाइपाच्या भिंतीला चिकटले तरी रोज अर्धी वाटी होते. कडाक्याच्या थंडीत ते गोठून हिमाच्या रूपाने आतल्या बाजूला साठत जाते आणि म्हणूनच त्या दिवसांत खाली थेंबही पडत नाही. चिनूक सुटला की आठवडाभराची ही शिल्लक एकदम वितळते. पाणी नेहमी उबदार दिवशीच का पडते, या ज्या कोड्याने मी आणि तो छपरावरचा माणूस दोघेही फसलो, त्याचे उत्तर एवढेच होते.

इथल्या कारागिरांना सकाळच्या सलग पाच अंघोळींची कल्पना नसते, हे मला नंतर लक्षात आले. त्यांच्या अंदाजात कोणी सकाळी, कोणी रात्री शॉवर घेतो आणि मधल्या वेळात पाइप वाळतो. घरात आई-वडील सहा महिने राहायला आलेले असतील, बादलीत कढत पाणी भरून निवांत अंघोळ होत असेल आणि त्यात खालच्या स्वयंपाकघरात कुकरच्या शिट्ट्या चालू असतील, तर घरातल्या बाष्पाचे गणित बदलते. काम देताना हे स्पष्ट सांगावे.

आता वस्तूविषयी. इन्सुलेटेड फ्लेक्स डक्ट म्हणजे तीन पदरांची नळी असते. आत तारेच्या वेटोळ्यांवर ताणलेली पातळ प्लास्टिकची नळी, तिच्याभोवती फायबरग्लासचा थर आणि सर्वांत बाहेर बाष्प आत न शिरू देणारे चंदेरी किंवा काळे वेष्टन. आर हा आकडा उष्णतेला होणारा अडथळा दाखवतो. जितका मोठा, तितका चांगला. घरसामानाच्या मोठ्या दुकानांत मला सहज मिळाला तो आर-४ चा डक्ट. आर-८ साठी हीटिंग आणि व्हेंटिलेशनचे सामान विकणाऱ्या ठोक दुकानात जावे लागले. दोन्हींच्या किमतीत फार फरक नव्हता. २५ फुटांच्या पेटीमागे मला वीस-एक डॉलर जास्त पडले आणि ते माझ्या मते या सगळ्या खर्चातले सर्वांत सत्कारणी लागलेले पैसे आहेत.

आर-४ पुरे का नाही, हे समजायला ब्रिटनचे उदाहरण चांगले आहे. तिथल्या इमारत-नियमांच्या व्हेंटिलेशनविषयक मार्गदर्शक दस्तऐवजात न तापवलेल्या जागेतून जाणाऱ्या डक्टला ०.०४ वाहकतेच्या पदार्थाचे किमान २५ मिलिमीटर जाडीचे आवरण असावे, असे म्हटले आहे. इकडच्या, उत्तर अमेरिकेतल्या मापात ते आर-३.५ च्या आसपास येते. माझी मावसबहीण इंग्लंडमध्ये राहते आणि तिच्याकडे तेवढ्याने काम भागते, कारण तिथला हिवाळा शून्याच्या आसपास रेंगाळतो. कॅलगरीत जानेवारीचे सरासरी किमान तापमान उणे १३ च्या जवळ असते आणि लाट आली की त्याच्या दुपटीने खाली जाते. तेच आवरण इथे वापरणे म्हणजे पुण्याच्या थंडीचा स्वेटर घालून लेहला जाणे.

मात्र आर-८ लावले की पाणी जमणारच नाही, असा समज दुकानदाराच्या बोलण्यातून होतो, तो खरा नाही. फॅन चालू असताना आतून उबदार हवा वाहत असते, त्यामुळे इन्सुलेशन असलेल्या नळीची आतली भिंत न्हाणीघरातल्या तापमानापेक्षा जेमतेम दोन-तीन अंशांनीच खाली राहते आणि त्या स्थितीत दव फारसे धरत नाही. खरी अडचण फॅन बंद झाल्यावर सुरू होते. आतली ओलसर हवा पाइपात अडकून राहते, इन्सुलेशन तिला थंड होण्यापासून थोपवत नाही, फक्त उशीर लावते आणि तासाभरात ती थंड होऊन बाष्प भिंतीवर उतरते. शिवाय गरम हवा आपोआप वर चढते, त्यामुळे छपरावरच्या टोपीतली हवा अडवणारी झडप नीट बंद होत नसेल तर घरातली हवा रात्रभर हळूहळू त्या पाइपातून झिरपत राहते आणि हिम साठतच जाते. म्हणजे डक्ट, झडप आणि फॅन किती वेळ चालतो, या तिन्ही गोष्टी एकत्र पाहाव्या लागतात. वस्तू उत्तम असूनही तिला मी पाचपैकी पूर्ण पाच गुण देत नाही, याचे कारण हेच: ती एकटी विकली जाते, पण एकटी काम करत नाही.

बसवण्याच्या कामासाठी मी तीन ठिकाणांहून भाव मागवले. एकाने फोनवरच "जुन्या पाइपावर आवरण गुंडाळून देतो" असे सांगितले. दुसऱ्याने ॲटिकमध्ये न डोकावताच नवा मोठा फॅन गळ्यात मारायचा प्रयत्न केला. तिसऱ्याने आधी आर्द्रतामापक घेऊन न्हाणीघरात मोजणी केली, मग शिडी लावून वर गेला आणि खाली आल्यावर मोबाइलवर काढलेले फोटो दाखवले. त्याला काम दिले. त्या फोटोंत दिसत होते की घर बांधतानाच टाकलेला पाइप इन्सुलेशनशिवायचा होता, दोन लाकडांच्या मध्ये झोळीसारखा लोंबत होता आणि छपरावरच्या टोपीपर्यंत पोचूनही तिला जोडलेला नव्हता. चार बोटांची फट ठेवून नुसता तिच्याखाली उभा केलेला होता. त्या फटीतून बाष्प थेट ॲटिकमध्ये सुटत होते. जानेवारीत मी टॉर्च घेऊन डोकावलो होतो, तेव्हा छपराच्या फळ्यांतून खाली आलेल्या खिळ्यांच्या टोकांवर मोत्यांसारखे पांढरे मणी चमकत होते. ते सुंदर दिसत होते, हे कबूल करतो. पण ते मणी म्हणजे आमच्याच न्हाणीघराची वाफ होती.

काम ऑक्टोबर २०२४ मध्ये, थंडी सुरू होण्याआधी झाले. दोन माणसे, साडेतीन तास. मी बहुतेक वेळ ॲटिकच्या झरोक्यात अर्धा वर, अर्धा खाली असा उभा राहून पाहत होतो, त्यामुळे काही गोष्टी जवळून सांगता येतील.

जुना पाइप उचलताना त्याच्या झोळातून डचमळल्याचा आवाज आला. उन्हाळाभर कोरडे असायला हवे होते, तिथे उन्हाळा संपल्यावरही पाणी होते. चाकूने कापल्यावर चहाच्या रंगाचे पाणी बादलीत आले. त्या झोळातल्या पाण्याने हवेचा मार्ग निम्मा बुजला होता, म्हणजे फॅन घरघर करत होता पण ओढत फारसे नव्हता. काही कारागीर असा खोलगट भाग मुद्दाम ठेवतात, पाणी तिथे साठावे आणि सावकाश वाळावे म्हणून. माझ्या अनुभवानंतर मला तो प्रकार मुळीच पटत नाही.

नवा डक्ट लावताना त्यांनी फॅनपासून निघणारा आडवा भाग छताच्या पाठीवर, इन्सुलेशनच्या थराखाली पुरला. हा सगळ्या कामातला सर्वांत शहाणपणाचा भाग होता, कारण त्या भागाला आता डक्टचे स्वतःचे आवरण आणि वरचा फूटभर कापूस असे दुहेरी पांघरूण मिळाले. मग तेथून नळी सरळ उभी छपरापर्यंत नेली. ती पेटीतून निघते तशी सुरकुतलेली न ठेवता ताणून, जरूर तेवढीच कापून घेतली. पंचवीस फुटांपैकी जेमतेम बारा फूट लागली. सैल सोडलेल्या लवचिक नळीत प्रत्येक सुरकुती हवेला अडवते आणि पाण्याला बसायला जागा देते.

उभ्या भागाभोवती त्यांनी जे केले, ते मी आधी कधी पाहिले नव्हते. काँक्रीटचे गोल खांब ओतायला जी जाड पुठ्ठ्याची नळी मिळते, तसली रुंद नळी डक्टभोवती उभी केली आणि मधल्या पोकळीत इन्सुलेशनचा सुटा कापूस भरला. असा पुठ्ठ्याचा खांब आता आमच्या ॲटिकमध्ये छपराला टेकून उभा आहे. थंड जागेतून जाणारा पाइपाचा सर्वांत उघडा भाग म्हणजे हाच आणि हिम सर्वांत जास्त तिथेच धरत असे. सामानाचा खर्च तीसेक डॉलर झाला असेल. डक्टच्या जाहिरातीत असली युक्ती कोणी सांगत नाही. ती कारागिराकडूनच मिळते.

जोडणी दोन पायऱ्यांत करावी लागते आणि घाईत असणारा माणूस नेमकी तीच चुकवतो. आधी फक्त आतली नळी फॅनच्या गळ्यावर चढवून तिच्यावर ॲल्युमिनियमच्या फॉइल टेपचे दोन पूर्ण वेढे द्यायचे आणि वरून नायलॉनचा पट्टा आवळायचा. मग मागे सरकवलेला फायबरग्लासचा थर पुढे ओढून फॅनच्या डब्याला भिडवायचा आणि बाहेरचे वेष्टन स्वतंत्र टेपने बंद करायचे. सगळे पदर एकत्र धरून एकच टेप गुंडाळली, तर ओल फायबरग्लासमध्ये शिरते आणि ओला कापूस उष्णता अडवत नाही. धाकट्या कारागिराने सुरुवातीला कापडी राखाडी टेप काढली होती; तिच्या नावात डक्ट असले तरी डक्टला ती चालत नाही, थंडीत तिचा चिकटपणा मरतो आणि वर्ष-दोन वर्षांत ती सुटून लोंबू लागते. मी विचारल्यावर मोठ्याने ती निमूटपणे खिशात टाकायला सांगितली. एवढी एकच गोष्ट वगळता त्यांच्या कामात मला खोट काढता आली नाही. छताच्या प्लास्टरबोर्डात फॅनसाठी कापलेल्या भोकाभोवतीची फटही त्यांनी न सांगता सीलंटने बुजवली.

छपरावरची टोपी नवी घेतली. ॲटिकची हवा खेळती ठेवण्यासाठी छपरावर जी छत्रीसारखी झाकणे असतात, ती या कामाला चालत नाहीत. फॅनसाठीची टोपी वेगळी, तिला खाली पाइप अडकवायला गळा असतो आणि आत एक पातळ झडप असते. फॅन बंद झाला की ती पडते आणि बाहेरची थंड हवा व घरातली उबदार हवा या दोन्हींना अडवते.

फॅनच्या बटणाऐवजी टायमर बसवला. अंघोळ संपल्यावर अर्धा तास फॅन चालू राहतो, न्हाणीघरातली हवा कोरडी झाल्यावर तीच कोरडी हवा पाइपही सुकवते आणि मग फॅन बंद होतो. सुरुवातीला मला यात उष्णता वाया जाते असे वाटत होते. मोजले तर उणे २५ अंशांच्या दिवशी अर्ध्या तासाला पाऊण युनिटच्या आतच उष्णता बाहेर जाते. छताच्या प्लास्टरबोर्डवर ओल येऊन तो बदलावा लागण्यापेक्षा हे कितीतरी स्वस्त आहे. एक गोष्ट अनुभवाने कळली: फॅन अंघोळीच्या आधी दोन-तीन मिनिटे लावावा. गोठलेल्या पाइपात एकदम वाफ सोडण्याऐवजी आधी घरातली कोरडी हवा जाऊन त्याची भिंत कोमट होते आणि पहिल्याच फटक्याला जमणारे दव टळते. आईला हे समजावून सांगावे लागले नाही. तवा तापल्याशिवाय घावन घालत नाहीत, एवढे ती म्हणाली आणि तेव्हापासून फॅन तीच आधी लावते.

निकाल असा. फेब्रुवारी २०२५ च्या थंडीच्या लाटेत आणि त्यानंतरच्या चिनूकमध्ये श्रीखंडाचा डबा मी पुन्हा जाळीखाली ठेवला, दोन आठवडे ठेवला आणि तो कोरडा राहिला. दुसऱ्या हिवाळ्यात एकदा चार-पाच थेंब पडले. त्या आठवड्यात पाहुणे होते आणि आवाज नको म्हणून कोणीतरी टायमर दर वेळी हाताने बंद करत होते. म्हणजे तो दोष डक्टचा नव्हता. ॲटिकमधल्या खिळ्यांवरचे मणीही आता दिसत नाहीत, आणि मला त्याचे समाधान न गळणाऱ्या फॅनपेक्षा जास्त आहे, कारण लाकूड कुजण्याची भीती तिथे होती.

खटकलेल्या गोष्टीही सांगायला हव्यात. आर-८ चा चार इंची डक्ट आवरणासकट आठ-नऊ इंच जाड होतो, त्यामुळे तो उतरत्या छपराच्या कडेला, लाकडांच्या अरुंद सांदीतून नेता येत नाही; दाबून बसवला तर आवरण चेपते आणि जास्तीचे पैसे पाण्यात जातात. ज्यांच्या न्हाणीघराचा पाइप घराच्या कडेजवळून जातो, त्यांनी आधी जागा मोजावी. आतली प्लास्टिकची नळी नाजूक असते; कापताना तारेचे टोक लागून आमच्या कारागिराचा एक तुकडा फाटला आणि तो टाकून द्यावा लागला. फायबरग्लासची खाज तर सांगायलाच नको, स्वतः करणाऱ्याने पूर्ण बाह्यांचा शर्ट, हातमोजे आणि मास्क घातल्याशिवाय वर जाऊ नये. आणि हवेचा प्रवाह गुळगुळीत पत्र्याच्या पाइपातून जसा सहज होतो, तसा या नळीतून होत नाही. अंतर वीस फुटांच्या पुढे असेल किंवा तीन-चार वळणे असतील, तर पत्र्याचा पाइप घालून त्यावर वेगळे इन्सुलेशनचे मोजे चढवणे मला जास्त योग्य वाटते. पत्रा तापायला थोडा वेळ घेतो, पण त्यात सुरकुत्या नसतात.

जुन्या पाइपावर नुसते आवरण चढवण्याचा पहिल्या माणसाचा सल्ला अगदी टाकाऊ नव्हता. पाइप सरळ असेल, टोपीला नीट जोडलेला असेल आणि झडप चालत असेल, तर तेवढ्याने काम होऊ शकते. आमचा पाइप लोंबत होता आणि वर उघडा होता. त्यावर आवरण म्हणजे फाटक्या पोत्याला अस्तर लावण्यासारखे झाले असते.

इथे एक सावधगिरी स्पष्टपणे लिहितो. ॲटिकमधून छपराबाहेर जाणारे सगळे पाइप एकाच जातीचे नसतात. घर तापवणाऱ्या गॅसच्या भट्टीचा किंवा वॉटर हीटरचा धुराडा हा लवचिक डक्टचा विषय नाही. त्याच्याभोवती ठरावीक अंतर मोकळे ठेवावे लागते आणि त्याला कापूस गुंडाळणे म्हणजे आगीला आमंत्रण आहे. स्वयंपाकघरातल्या हूडला आणि कपडे वाळवण्याच्या यंत्रालाही प्लास्टिकची नळी लावू नये. तेल आणि तंतू साठून ती पेटू शकते.

सांडपाण्याच्या नळांचा जो वायुवीजनाचा पाइप छपरातून वर निघतो, त्याचे दुखणे मात्र याच कुळातले आहे. गटारातली उबदार, ओली हवा त्यातून वर चढते आणि छपराबाहेर निघालेल्या टोकाला आतून हिमाचे कडे धरते. कडे वाढत जाऊन भोक बुजले की फ्लश केल्यावर कमोडमधून गुडगुड आवाज येतो, बेसिनखालच्या वाकड्या नळीत, म्हणजे सापळ्यात, वास अडवणारे पाणी ओढले जाते आणि घरात दुर्गंधी सुटते. त्यावर थंड प्रदेशात रूढ उपाय आहेत ते पाइप छपरातून बाहेर पडण्याआधी रुंद करणे किंवा त्याला इन्सुलेशन घालणे. आमचा काळा पाइप तीन इंची असल्याने त्याने अजून त्रास दिलेला नाही. तरी उरलेल्या डक्टचे आवरण सोलून कारागिराने ॲटिकमधल्या त्याच्या भागाला गुंडाळून दिले, त्याचे वेगळे पैसे घेतले नाहीत. त्याचा उपयोग किती झाला हे मला मोजता आलेले नाही, म्हणून त्याचे गुण मी यात धरत नाही.

भारतातल्या वाचकांना हे सगळे परके वाटेल, पण मुंबईत एसीच्या तांब्याच्या नळीवर जो काळा स्पंज चढवलेला असतो, तो याच कारणासाठी. तिथे नळी आत थंड आणि बाहेरची हवा दमट, इथे नळी आत दमट आणि बाहेरची हवा थंड. पावसाळ्यात तो स्पंज फाटला की भिंतीवर ओघळ येतात, हे ज्याने पाहिले आहे त्याला आमचा फॅन का गळत होता हे लगेच कळेल.

खर्चाचे सांगायचे तर डक्ट, टोपी, टेप, टायमर आणि मजुरी धरून मला करांसकट सातशे डॉलरच्या थोडे आत पडले. त्यात मजुरीच निम्म्याहून जास्त होती. नवे घर घेणाऱ्यांना, ज्यांच्याकडे उष्णता परत मिळवणारे व्हेंटिलेटर आधीच बसवलेले असते, त्यांना बहुधा यातले काही लागणार नाही, कारण तिथे न्हाणीघराची हवा त्या यंत्रात जाते आणि जमणारे पाणी नळीने गटारात सोडलेले असते. वीस-पंचवीस वर्षांपूर्वीच्या घरात राहणाऱ्यांनी मात्र खरेदीच्या आधी ॲटिकमध्ये एकदा स्वतः डोकावावे आणि पाइप टोपीला जोडलेला आहे का एवढे तरी पाहावे. डक्टला मी पाचपैकी चार गुण देतो, बसवणाऱ्या माणसांना साडेचार. कापलेला अर्धा गुण त्या राखाडी टेपचा. टोपीतली झडप चिनूकच्या रात्री टकटक वाजते, त्याची तक्रार केली तेव्हा त्यांनी येऊन तिच्या कडेला फोमची पातळ पट्टी चिकटवली. आवाज कमी झाला आहे, पण पूर्ण थांबलेला नाही आणि वडिलांची झोप अजूनही अधूनमधून मोडते.